न बुडणारं घटिकापात्र

एका राज्यात एक किमयागार राहत होता, आणि त्याला कशाचीही वाट पाहता येत नसे. नाव त्याचं धुंडिराज. भाकरी तव्यावरून उतरायच्या आत तो तिचा तुकडा मोडी, जीभ भाजून घेई आणि वर चुलीलाच बोल लावी.

त्या राज्यातले बाकीचे किमयागार तांब्याचं सोनं करायच्या नादात भुवया जाळून घेत. धुंडिराजाला सोन्याची गोडी नव्हती. त्याची किमया होती वेळेची. वेळ नवा घडवता येत नाही आणि असलेला नाहीसा करता येत नाही. तो इथून उचलून तिथे ठेवता येतो, एवढंच. डोंगरातल्या काळ्या दगडापाशी वेळ उदंड असतो. त्याच्या हजारो वर्षांतलं एखादं वर्ष काढून घेतलं तर दगडाला त्याचा पत्ताही लागत नाही. धुंडिराज असा दगड कुटी, पाऱ्यात खली, मुशीत घालून गोवऱ्यांच्या आगीत शंभर वेळा भाजी. उरलेलं भस्म पांढरं निघालं, तर ज्याला द्यावं त्याचा वेळ धावू लागे. काळं निघालं, तर थांबे.

या भस्माच्या जोरावर त्याने ऐन पौषात राजाच्या ताटात पिकला आंबा ठेवला होता. किल्ल्याची नवी भिंत एका दिवसात वाळवून दिली होती. सेनापतीच्या मुलीचे केस लग्नाच्या सकाळी खांद्यापर्यंत होते, ते मुहूर्ताला कमरेपर्यंत आणून सोडले होते. दरबारात त्याला पहिल्या रांगेत पाट होता. तो त्या पाटावर कधी पुरता टेकला नाही, ही गोष्ट वेगळी.

त्याला एकच मुलगी. आवडी. ती आठ महिन्यांची असताना तिची आई वारली. दात येत होते म्हणून पोर दिवसभर किरकिरे, आणि मुशीवर लक्ष ठेवायचं की पोरीवर, हे धुंडिराजाला कळेना. एका दुपारी वैतागून त्याने तिच्या जिभेला पांढऱ्या भस्माचं बोट लावलं. जेवणाच्या वेळी रांगणारी पोर दिवे लागताना अंगणात उभी राहून विचारत होती, "बाबा, आई कुठे गेली?" दात आले होते, बोलणं आलं होतं, चालणं आलं होतं. मधलं काहीच कुणी पाहिलं नाही. धुंडिराजाला तेव्हा हायसं वाटलं. आपल्या हातून काय गेलं हे त्याला फार वर्षांनी कळलं. आवडी मोठी झाली, राजाच्या बागेतल्या कान्हो माळ्याशी तिचं लग्न झालं, आणि ती बाळंतपणाला माहेरी आली तेव्हा. तेव्हा त्याने मनाशी ठरवलं, की नातवंडाचा एकेक दिवस आपण समोर बसून पाहायचा. या एका गोष्टीवर त्याचा जीव टांगलेला होता.

आवडीचे दिवस भरले आणि त्याच आठवड्यात राणी विशालाक्षी आजारी पडली.

ताप छातीत उतरला. शुद्ध गेली. राजा उदयकेतूने धुंडिराजाला बोलावून घेतलं. राजाचं राणीवर अतोनात प्रेम होतं, आणि त्या दिवशी त्याला प्रेमाखेरीज दुसरं काही सुचत नव्हतं. तो म्हणाला, "वैद्यराज, हिचा वेळ थांबवा. आत्ताच्या आत्ता."

आता या विद्येची एक रीत होती. भस्म कुणाच्या तोंडात घालायचं नसतं. ते रोग्याच्या उजव्या तळहातावर ठेवायचं, आणि रोग्याने ते आपल्या हाताने आपल्या तोंडी न्यायचं. रोगी बेशुद्ध असेल, तर तो शुद्धीवर येईपर्यंत उशाशी बसायचं. धुंडिराजाला रीत पाठ होती. पण राजा घाई करत होता, आणि घाई करायला धुंडिराजाला कुणी सांगावं लागत नसे. त्याने गुंजभर काळं भस्म घेतलं, राणीचे ओठ उघडले आणि बोटाने आत सारलं.

राणीचा श्वास स्थिर झाला. राजाने धुंडिराजाच्या गळ्यात स्वतःचा कंठा घातला.

राजवाड्याच्या चौकात पाण्याने भरलेलं मोठं घंगाळ होतं आणि त्यात तळाला भोक असलेलं तांब्याचं घटिकापात्र तरंगत असे. ते भरून बुडालं की एक घटका झाली, की पहारेकरी टोला देई. साऱ्या नगराचा दिवस त्या टोल्यांवर चाले. त्या दिवशी पहारेकऱ्याने टोला द्यायला हात उचलला आणि तो तसाच उभा राहिला. पात्र बुडेना. भोकातून पाण्याचा थेंब आत येईना. ते तरंगतच राहिलं.

सूर्य उगवत होता, मावळत होता. माणसं चालत होती, जेवत होती, भांडत होती. पण त्या नगरातलं काही पुढे सरकेना. कैरी पिकेना, कळी उमलेना, पेरलेलं बी मातीत तसंच पडून राही. दुधाला विरजण लावावं, तर सकाळी दूधच. धान्य बाहेरगावाहून आणावं लागे. न्हाव्यांना काम उरलं नाही, कारण कुणाची दाढी वाढेना. सुरुवातीला लोक खूष होते. कुणी मरत नाही म्हटल्यावर म्हाताऱ्यांनी चौकात फेर धरला. मग ध्यानात आलं, की कुणी बरंही होत नाही. प्रधानजींची दाढ त्या दिवशी सकाळपासून ठणकत होती. ती ठणकतच राहिली. आणि कुणी जन्मालाही येईना.

आवडीचे नऊ महिने भरले होते, ते भरलेलेच राहिले. कान्होने तिला डोलीत घालून वेशीबाहेर आपल्या गावी नेऊन पाहिलं. पण त्या घटकेला जे नगरात होते, ते जातील तिथे हे थांबणं त्यांच्याबरोबर जाई. ती परत आली. पोटावर हात ठेवून ती उठे, पाणी भरी, भाकरी थापी. बापाला तिने एका शब्दाने दोष दिला नाही. तिने दिला असता तर बरं, असं धुंडिराजाला वाटे.

सहा वर्षं त्याने आपल्या भट्टीपाशी काढली. पांढरं भस्म केलं, लाल केलं, एकदा तर निळं निघालं. कशाचा उपयोग झाला नाही. त्याची गुरू त्रिकाळा डोंगरापलीकडे राहत होती, पण तिच्याकडे जायची त्याला लाज वाटे. विद्या देऊन निरोप देताना ती म्हणाली होती, की धुंड्या, तुला सगळं आलं, बसणं तेवढं आलं नाही. ते येईपर्यंत मला तोंड दाखवू नकोस.

सातवं वर्ष सरत आलं तेव्हा एके सकाळी भट्टीच्या छपरावर एक धनेश येऊन बसला. मोठी बाकदार चोच, आणि चोचीत वडाचं पिकलं फळ, बाहेरच्या रानातून आणलेलं. ते त्याने जपून वळचणीला ठेवलं आणि तो बोलू लागला.

त्याची हकीगत अशी. राजाच्या बागेतल्या वडाच्या ढोलीत त्याची मादी अंड्यांवर बसली होती. धनेशाच्या जातीत मादी आत बसली, की ढोलीचं तोंड चिखलाने लिंपून घेतात, चोच मावेल एवढी फट ठेवतात, आणि पिल्लं होईपर्यंत नर बाहेरून भरवतो. दीड-दोन महिन्यांचं ते काम. हा सात वर्षं भरवत होता.

"वैद्यराज," धनेश म्हणाला, "ती मला रोज विचारते, अजून किती दिवस. मी रोज थोडेच म्हणतो. मला आता तिच्याशी खोटं बोलवत नाही."

धुंडिराज भट्टीपासून उठला. मग त्याने झोळी उचलली. आवडीला सांगून, लाज गिळून तो त्रिकाळेकडे निघाला, आणि धनेश पुढे उडत वाट दाखवू लागला. मधूनमधून तो मादीला भरवायला परत जाई आणि धापा टाकत येई, पण वाट चुकला नाही.

त्रिकाळा गुहेच्या तोंडाशी सागरगोटे खेळत होती. ती सकाळी सात वर्षांची मुलगी असे, दुपारी भर वयाची बाई, आणि सूर्य कलला की थकलेली म्हातारी. धुंडिराज सकाळी पोचला, म्हणून त्याला एका पोरीच्या पाया पडावं लागलं. तिने खेळ थांबवला नाही. सगळं ऐकून घेतलं आणि एकच विचारलं, की भस्म तळहातावर ठेवलं होतंस का.

"नाही," धुंडिराज म्हणाला.

"मग ते राणीने घेतलं नाही. कुणीच घेतलं नाही. न घेतलेलं थांबणं आहे ते. सांडलेल्या तेलासारखं गावभर पसरलं." तिने सागरगोटे ओंजळीत गोळा केले. "ते गोळा करायचं असेल तर तीन गोष्टी लागतील. ज्या पाण्याने कधी घाई केली नाही, ते पाणी. ज्या आगीने कधी विसावा घेतला नाही, ती आग. या दोहोंनी नवं भस्म कर. आणि तिसरी गोष्ट, ते राणीच्या तळहातावर ठेव. तिने घेतलं तर नगर सुटेल. नाही घेतलं तर नाही. वाटेत तुझी विद्या कुठे वापरलीस तर सगळं वाया."

तिसरी गोष्ट सगळ्यांत सोपी, असं धुंडिराजाला वाटलं. तो पाण्याच्या शोधात निघाला.

ते पाणी एका डोंगराच्या पोटात होतं. गुहेच्या छतावरून दिवसाला एक थेंब पडे. बाहेर शिळेवर एक यक्ष बसलेला असे. त्याने एक शिंपला हातात दिला आणि सांगितलं, की सात थेंबांत तो भरेल, पण थेंब पडताना पाहायचा, नजर काढली तर तो शिंपल्यात उतरत नाही. पहिल्या दिवशी धुंडिराज अर्ध्या प्रहरात उठला, हातपाय झटकले, पुन्हा बसला, पुन्हा उठला. तेवढ्यात थेंब पडून गेला. दुसऱ्या दिवशीही तसंच झालं. कमरेला चांदीच्या डबीत पांढरं भस्म होतं. एक चिमूट छताला लावली असती तर पाझर फुटला असता. त्याचा हात दोनदा डबीपर्यंत गेला. तिसऱ्या दिवशी त्याने ती डबी यक्षापाशी ठेवायला दिली आणि गुहेत मांडी घातली. थेंब छताला फुगतो कसा, लोंबतो कसा, सुटायच्या आधी थरथरतो कसा, हे त्याने जन्मात प्रथम पाहिलं. सात थेंब झाले तेव्हा आणखी एक पाहून निघावं असं त्याला वाटलं, आणि या वाटण्याचं त्यालाच नवल वाटलं. डबी घेऊन, यक्षाला नमस्कार करून तो निघाला.

आग होती एका राक्षसाच्या चुलीत. हजार वर्षं ती विझली नव्हती, कारण विझेल या धास्तीने राक्षस हजार वर्षं झोपला नव्हता. त्याचे डोळे तांबारलेले होते आणि स्वभाव त्याहून वाईट. धुंडिराजाने एक निखारा मागितला. राक्षस म्हणाला, निखारा देईन, पण आधी मला झोपू दे, आणि मी उठेपर्यंत आग सांभाळ. उठल्यावर ती विझलेली दिसली तर तुलाच चुलीत घालीन. एवढं बोलून तो आडवा झाला आणि घोरू लागला.

तो एकवीस दिवस झोपला. धुंडिराज एकवीस दिवस चुलीपुढे होता. लाकूड फार घातलं तर आग भडकून लवकर सरे; कमी घातलं तर मिणमिणे. तिला हवं तेवढंच, हवं तेव्हाच द्यावं लागे. आयुष्यभर त्याने आगीला हुकूम केले होते. आता तो तिच्या मर्जीने उठत होता, बसत होता. डुलकी लागलीच तर धनेश येऊन चोचीने त्याच्या कानाला टोची. राक्षस उठला, तेव्हा आग होती तशी होती. राक्षसाने आळस दिला आणि इतकं गोड हसला, की धुंडिराजाला तो ओळखू येईना. त्याने निखारा दिला, आणि वाटेत विझू नये म्हणून तो गोवरीत कसा खुपसायचा तेही दाखवलं.

धुंडिराजाने त्या आगीवर, त्या पाण्यात नवं भस्म केलं. ते पांढरं नव्हतं की काळं नव्हतं. चुलीतल्या साध्या राखेसारखं दिसत होतं, आणि निघालं गुंजभरच. ते पानाच्या पुडीत बांधून तो राजवाड्यात गेला.

राजा राणीच्या दालनाबाहेर भेटला. सात वर्षांत त्याचाही एक केस पांढरा झाला नव्हता, पण तो थकलेला दिसत होता. पुडी पाहून त्याचे डोळे लकाकले. "गुण येईल?" त्याने विचारलं.

खोटं बोलणं सोपं होतं. धुंडिराज खरं बोलला. हे भस्म घेतलं तर थांबलेलं सगळं चालू होईल, राणीसाहेबांचा आजारही चालू होईल. त्या एक दिवस राहतील की एक घटका, हे मला माहीत नाही.

राजाने ऐकून घेतलं. मग तो शांतपणे म्हणाला, "वैद्यराज, तुम्ही आलात तसे परत जा. पुन्हा हे बोललात तर हत्तीच्या पायी देईन."

"त्यांना आत पाठवा," पडद्याआडून आवाज आला.

तो राणीचा आवाज होता. भस्म आत जाताच, सगळं थांबायच्या ऐन आधी ती शुद्धीवर आली होती, तेव्हापासून ती तशीच होती. अंगात तेवढाच ताप, छातीत तेवढीच कळ, एकेक शब्दाला तेवढीच धाप. सात वर्षांत तिने राजाकडे काही मागितलं नव्हतं. राजाला नाही म्हणता येईना. तो बाजूला झाला.

धुंडिराज पलंगाजवळ खाली बसला. त्याने आपली चूक सांगितली, रीत मोडली ते सांगितलं, आणि पुडी पुढे ठेवली. राणी बराच वेळ पुडीकडे पाहत राहिली.

"मला भीती वाटते, वैद्यराज."

भिण्यासारखं काही नाही, असं म्हणावं असं त्याच्या ओठांवर आलं होतं. पण तसं कुठे त्याला ठाऊक होतं? तो म्हणाला, की मलाही वाटली असती.

"तुम्ही हे माझ्यासाठी आणलंत?"

"नाही, राणीसाहेब. माझ्या मुलीसाठी. तिचे दिवस भरून सात वर्षं झाली."

राणीने डोळे मिटले. तिला हे कुणी सांगितलंच नव्हतं. नगरात काय चाललंय हे तिच्या कानी जाऊ नये म्हणून राजाने दासींना ताकीद दिली होती. ती म्हणाली, तिला माझ्याकडे आणा.

आवडी आली, कमरेवर हात टेकत, पायरी पायरीवर थांबत. राणीने तिला पलंगावरच बसवलं. मग राणीने विचारलं, "हलतं का गं?"

"नाही, राणीसाहेब. सात वर्षांत एकदाही नाही."

"मग आहे कशावरून म्हणतेस?"

"वजन लागतं," आवडी म्हणाली.

राणीने तिचा हात हातात घेतला. आवडीने काही मागितलं नाही, रडली नाही, आणि पुडीकडे पाहिलंही नाही. राणीने धुंडिराजाला सांगितलं, की मला विचार करायचा आहे, किती दिवस लागतील सांगता येत नाही. धुंडिराज म्हणाला, मी बाहेर बसतो.

तो दालनाच्या उंबऱ्याशी बसला. एक दिवस गेला, दुसरा गेला. आत पाच पावलांवर पुडी होती, राणी मधूनच ग्लानीत जात होती, आणि तिचे ओठ उघडे होते. एक चिमूट, की नातवंड जगात. धुंडिराज उठला नाही. राजा येरझाऱ्या घालत होता, त्याच्याकडे रागाने पाहत होता. शेवटी थकून तोही उंबऱ्याच्या दुसऱ्या टोकाला बसला.

तिसऱ्या दिवशी सकाळी राणीने दोघांना आत बोलावलं. तिचा उजवा हात चादरीबाहेर होता, तळवा वर करून.

राजा दारातच थबकला. "विशालाक्षी, मला विचारल्याशिवाय?"

"महाराज, सात वर्षं तुम्ही माझ्या उशाशी बसलात. एवढी माया कुणाच्या वाट्याला येत नाही. पण मला कुणी विचारलं नव्हतं. यांनी विचारलं, आणि तीन दिवस थांबले." तिला धाप लागली. ती ओसरल्यावर ती म्हणाली, "पाणी तुम्ही द्या."

राजा रडला. तिथे धुंडिराज होता, दासी होत्या, तरी तो लपवून न ठेवता रडला. मग डोळे पुसून त्याने स्वतःच्या हाताने पेला भरला. धुंडिराजाने पुडी सोडून भस्म राणीच्या तळहातावर ठेवलं आणि दोन पावलं मागे सरला. राणीने हात ओठांशी नेला, वर पाणी प्याली.

चौकातल्या घंगाळात पाणी गुबगुबलं. घटिकापात्र हळूहळू भरलं आणि बुडालं. पहारेकरी इतका गोंधळला, की त्याने एका टोल्याऐवजी तीन दिले.

राणी क्षीण झाली, पण शुद्धीवर होती. तिला दहीभाताची इच्छा झाली. मुदपाकखान्यातून निरोप आला, की दूध आत्ता कोमट करून विरजतो, पण तिसऱ्या प्रहरापर्यंत लागेल. राणी म्हणाली, लागू दे, तोवर थांबते.

इकडे धुंडिराजाच्या घरी आवडीला कळा सुरू झाल्या होत्या. सुईण आत गेली. दोन प्रहर झाले, कळा वाढत गेल्या, मूल पुढे येईना. सुईण कपाळावरचा घाम पुसत बाहेर आली आणि म्हणाली, अवघड नाही, पण वेळ लागेल. आतून आवडीचं कण्हणं ऐकू येत होतं. धुंडिराजाच्या कमरेची चांदीची डबी अजून कमरेलाच होती. वाटेवरचं बंधन आता सरलं होतं. आता ती उघडायला त्याला कुणाची आडकाठी नव्हती. पोटच्या पोरीच्या कळा ऐकत बसणं त्या सात थेंबांहून आणि त्या एकवीस दिवसांहून भारी होतं. त्याने डबी काढली, दाराशी गेला आणि आत न जाता मुलीला विचारलं, की पांढरं भस्म आहे, चिमूटभर देऊ का, घटकेचं पळ होईल.

आवडीने दोन कळांच्या मध्ये श्वास घेतला.

"नको, बाबा. माझं लहानपण तुम्ही एका दुपारात उरकलंत. याचं तरी सावकाश होऊ द्या."

धुंडिराजाने आयुष्यात पुष्कळ कौतुकं ऐकली होती. कुणी त्याला हे बोललं नव्हतं. तो ओट्यावर जाऊन बसला आणि रडला. रडून झाल्यावर त्याने डबी परसातल्या मातीत रिकामी केली. तिथे त्या क्षणी कंबरभर गवत उगवलं, पिवळं पडलं आणि वाळून गेलं.

तिसऱ्या प्रहरी राजवाड्यातून शिपाई धावत आला. राजाने विचारलं होतं, की राणीचा वेळ घटकाभर तरी थांबवता येईल का. धुंडिराजाने सांगितलं, की आता माझ्यापाशी भस्म उरलेलं नाही. पण असतं तरी आधी त्यांनाच विचारा, असंच मी म्हटलं असतं. शिपाई गेला आणि थोड्या वेळाने कुणी न पाठवताच परत आला.

"विचारलं महाराजांनी," तो म्हणाला. "नको म्हणाल्या. दही चांगलं लागलंय, म्हणाल्या."

सूर्य टेकायच्या आधी आवडीला मुलगी झाली. ती अशी रडली, की सात वर्षं साठवलेलं एकदम बाहेर आलं. घर राजवाड्याच्या भिंतीला लागूनच होतं. राजाने पुढे सांगितलं, की तो राणीशी काहीतरी बोलत होता, आणि तिने बोट वर करून त्याला गप्प केलं. ती ऐकत होती. तिचं ऐकून झालं आणि मग बोट खाली आलं.

नगराने राणीचं सुतक पाळलं. राजाने धुंडिराजाला शिक्षा केली नाही. पण त्या दिवसापासून राज्यात कुठल्याही वैद्याने रोग्याच्या तळहाताखेरीज दुसरीकडे औषध ठेवायचं नाही, असा हुकूम काढला आणि सगळ्यांत आधी स्वतः पाळला. बागेतल्या वडाच्या ढोलीचं लिंपण आतून फुटलं, आणि धनेशीण बाहेर येऊन नवऱ्याला पहिलं काय म्हणाली असेल, ते त्यालाच ठाऊक. शेतं उगवली. न्हाव्यांना उसंत मिळेना. प्रधानजींची दाढ पडली. जे म्हातारे जायचे ते आपल्या वेळी, आपल्या माणसांत गेले, आणि घटिकापात्र घटकेघटकेला बुडत राहिलं.

पण हे सगळं नंतरचं. त्या संध्याकाळी सुईणीने धुवून पुसून, मऊ धडप्यात गुंडाळून पोर बाहेर आणली आणि आजोबाच्या मांडीवर ठेवली. लाल चेहरा, मिटलेले डोळे. धुंडिराजाने विचारलं, की ही डोळे कधी उघडेल?

"उघडेल तेव्हा उघडेल," सुईण म्हणाली आणि हात धुवायला गेली.

धुंडिराजाने मांडी नीट घातली, पाठ भिंतीला टेकली आणि तो तिच्याकडे पाहत बसला. तसं बसायला मिळणं ज्याच्या त्याच्या नशिबी येवो, एवढंच सांगून ही कथा इथे थांबते.